इंगळेबाईंचा पसंतीक्रम

इंगळेबाई वर्षातले अकरा महिने आमच्या सोसायटीत राहत, आणि जुलै महिन्यात आमची सोसायटी त्यांच्याकडे राहायला जाई.

कर्वेनगरातली आमची चार मजली इमारत. मी तिचा सेक्रेटरी, म्हणजे टाकीतल्या पाण्यापासून जिन्यातल्या मांजरीपर्यंत सगळ्याबद्दल बोलणी खाणारा बिनपगारी माणूस. बाई तिसऱ्या मजल्यावर एकट्या राहत. मूळच्या अकोल्याकडच्या. पुण्यातल्या एका तंत्रविद्यापीठाच्या प्रवेश विभागात सगळी नोकरी काढून निवृत्त झालेल्या. कुठलं विद्यापीठ, ते सांगत नाही. पुण्यात 'पोराला तिथं मिळालं' म्हटलं की समोरचा 'कुठं' असं विचारत नाही, सरळ पेढे मागतो. ते.

जुलै लागला की आमच्या पार्किंगमध्ये अनोळखी स्कूटरींची रांग लागे. मी पहिल्याच वर्षी सूचनाफलकावर लिहिलं, 'बाहेरच्यांनी गाड्या आत लावू नयेत. येथे ॲडमिशन मिळत नाही.' संध्याकाळी त्याच्याखाली निळ्या शाईत, सुबक अक्षरात उत्तर आलेलं होतं. 'बरोबर. येथे फक्त पसंतीक्रम मिळतो. – इंगळे, तिसरा मजला.'

मी तडक भांडायला वर गेलो. दार सताड उघडं. सोफ्यावर तीन पालक, दवाखान्यात बसावं तसे गप्प. पंखा हळू फिरत होता, खिडकीचा पिवळा पडदा आत-बाहेर होत होता, आणि कपाटावरची बुद्धाची छोटी मूर्ती त्या उजेडात कधी दिसत होती, कधी नाही. बाई सतरंजीवर बसून बारीक आकड्यांच्या एका कागदावर स्टीलची पट्टी सरकवत होत्या. मान वर न करता म्हणाल्या, "सेक्रेटरीसाहेब, ही पट्टी धरा जरा. ओळ हलतेय."

मी धरली. खाली उतरलो तेव्हा दोन तास झाले होते आणि भांडण वरच राहिलं होतं.

बारावीनंतरच्या प्रवेश परीक्षेचे गुण आले की मुलांना ऑनलाइन फॉर्ममध्ये कॉलेजं आणि शाखा आपल्या आवडीच्या क्रमाने लिहाव्या लागतात. मशीन ती यादी वरून खाली वाचतं आणि गुणांत बसणारं पहिलं जे सापडेल ते देऊन टाकतं. एवढंच. पण ह्या एवढ्याशा कामापायी घराघरात अबोला धरला जातो. बाई हा क्रम लावून देत. पैसे घेत नसत. कुणी फारच आग्रह केला तर म्हणत, "पुढच्या वर्षी एखादं पोट्टं घेऊन या. तेवढंच द्या."

त्यांची पद्धत मात्र जगावेगळी होती. मुलगा समोर बसला की आधी गुण विचारायच्या नाहीत. म्हणायच्या, "डोळे मीट. कॉलेजचा पहिला दिवस आहे. कुठल्या गेटातून आत चाललायस?"

मुलं फिसकन हसत. आईबाप घड्याळाकडे बघत. बाई थांबून राहत. मग मुलं काहीबाही सांगू लागायची. एकाला नुसतं कँटीन दिसलं. एकीला पायऱ्या दिसल्या, दगडी, मध्यभागी झिजलेल्या. एक मुलगा म्हणाला, "मॅडम, मला आमच्या घराचंच गेट दिसतंय." त्याच्या वडिलांना बाई म्हणाल्या, "ह्याला इंजिनिअर नंतर करा. आधी महिनाभर झोपू द्या." माझ्या मुलाने त्याच्या वर्षी डोळे मिटले आणि तो खरोखरच झोपला. "उत्तम," बाई हलक्या आवाजात म्हणाल्या, "हा कुठेही गेला तरी सुखात राहील." आणि राहिला आहे. आम्हीच नाही.

यादी करताना त्यांचं एक ठरलेलं वाक्य असे. "वरचे पर्याय स्वप्नाचे, मधले विचाराचे, आणि तळाला एक झोपेचा. तो मिळाला तरी रात्री झोप लागली पाहिजे."

आयटीतले पालक लॅपटॉप घेऊन येत. एकाने गेल्या कित्येक वर्षांच्या आकड्यांचे आलेखच काढून आणले होते. "मॅडम, रफली प्रोबॅबिलिटी किती आहे? बॉलपार्क सांगा ना."

"तुमच्या मुलीला मिळालं तर शंभर टक्के. नाही मिळालं तर शून्य. मधले आकडे वर्तमानपत्रासाठी असतात."

खर्चाचाही त्या एक कागद करून देत. फी, मेस, बसपास, लॅपटॉप असं सगळं लिहून झालं की सगळ्यात खाली एक ओळ असे, 'लाज'. पहिल्यांदा पाहिलं तेव्हा मला वाटलं, बाईंचं काहीतरी चुकलं. तर म्हणाल्या, "अहो, वर्ग सहलीला निघतो, सगळे मिळून डोसा खायला जातात, कुणाचा तरी वाढदिवस असतो. तेव्हा पोरगं म्हणतं, मला बरं नाही. फीची सोय होते हो कुठून तरी. पोरं खचतात ती ह्या ओळीपायी." एका श्रीमंत गृहस्थांनी पैसे मोजून कुठे जागा मिळेल का, असं कुजबुजत विचारलं, तर त्यांना म्हणाल्या, "एवढ्या पैशात मुलाला दुकान टाकून द्या. चार वर्षांत धंदा तरी शिकेल." गृहस्थ रागावून गेले आणि जाताना त्यांनी माझ्या गाडीला आपली गाडी घासली.

जुलै संपला की बाई पुन्हा कुणाला दिसत नसत. दुपारी मी पाण्याचं बिल द्यायला वर जाई तेव्हा त्या खिडकीशी बसलेल्या असत, मांडीवर एखादी जुनी वही. दर वर्षीच्या कट-ऑफच्या याद्या त्यांनी सुई-दोऱ्याने शिवून ठेवल्या होत्या. कट-ऑफ म्हणजे त्या शाखेत प्रवेश मिळालेल्या शेवटच्या मुलाचा क्रमांक. आपण त्याला आकडा म्हणतो. बाईंना तिथे माणूस दिसे.

"पहिला आलेला सगळ्यांना माहीत असतो, त्याचा फोटो येतो," त्या म्हणत. "हा शेवटचा कोण असेल?" आणि मग डोळे अर्धवट मिटून, स्वतःशीच बोलावं तसं सांगू लागत. "हा यंत्र शाखेचा. हा लांबून आला असणार. पहिल्या दिवशी उशिरा पोचला, मागच्या बाकावर बसला. पाय हलवायची सवय आहे त्याला. आणि ही बघा, ही मुलगी. हिला कळलं तेव्हा ही विहिरीवर होती." मी कोरड्या स्वभावाचा माणूस, पण त्या दुपारी मलाही ती मुलगी विहिरीवरून धावत येताना दिसे. खाली उतरताना एकदा मी बिल परत घेऊन आलो.

प्रत्येक शेवटच्या आकड्याखाली त्यांनी एक ओळ रिकामी सोडलेली असे. मी विचारलं, हे काय?

"त्याच्या खाली एक पोरगं उभं आहे," बाई म्हणाल्या. "त्याचा नंबर छापत नाहीत." मग थोड्या वेळाने, "ते त्या दिवशी जेवलं नसेल."

वैष्णवी आली ती एका जुलैत, फॉर्म भरायच्या शेवटून दुसऱ्या दिवशी. लोणी काळभोरची. वडिलांची तिथे रोपवाटिका. वडिलांना ती बापू म्हणे. बापू खाली टेम्पो उभा करून तिथेच थांबले होते, कारण टेम्पोत डाळिंबाची रोपं होती आणि माझा त्यांच्यावर विश्वास नव्हता तसाच त्यांचा माझ्यावर नव्हता. मुलगी एकटीच वर गेली. डोळे मिटून तिने गेट पाहिलं, त्याच तंत्रविद्यापीठाचं, आणि पुढे काहीतरी सांगता सांगता थांबली. बाईंनी तिचे गुण पाहिले, पट्टी फिरवली, पुन्हा फिरवली. "तिथल्या विद्युत शाखेला तू अगदी उंबरठ्यावर आहेस," त्या म्हणाल्या. "पाय आत पडेल किंवा बाहेर. पण पहिल्या नंबरला तेच लिही." झोपेचा पर्याय म्हणून तळाला लोणीजवळचं कॉलेज टाकलं.

एरवी बाई फॉर्म स्वतःसमोर लॉक करून घेत. एकदा लॉक झाला की त्यात बदल करता येत नाही. त्या दिवशी सर्व्हर अडकून बसला, खाली बापू हॉर्न देऊ लागले, रोपं उन्हात होती. "घरी जाऊन लॉक कर हो," बाई म्हणाल्या आणि मुलगी गेली.

पहिल्या फेरीचा निकाल लागला तेव्हा मी योगायोगाने बाईंकडेच होतो. फोन आला. बाई नुसत्या ऐकत होत्या. पलीकडून रडणं मलाही ऐकू येत होतं. फोन ठेवून त्यांनी समोरच्या यादीवर पट्टी फिरवली.

"लोणीचं मिळालं. ते पहिल्या नंबरला होतं," त्या म्हणाल्या. "आणि इकडे विद्युतचा शेवटचा नंबर तिच्या मागे लागलाय. वर असतं तर मिळालं होतं." मग माझ्याकडे वळून, "सेक्रेटरीसाहेब, मी लॉक केलं नाही हो."

नियम असा की पहिल्याच फेरीत पहिल्या पसंतीची जागा मिळाली तर ती पक्की. पुढच्या फेऱ्यांची दारं बंद.

दुसऱ्या दिवशी बापू मुलीला घेऊन आले. ह्या वेळी टेम्पो रिकामा होता आणि ते वर आले. उंच, काळेसावळे, नखांत माती. सोफ्यावर बसेनात, दाराशीच उभे. मी बाईंच्या तोंडाचा पट्टा आता सुटतो ह्या भीतीने बसलो होतो.

"म्याच केलं मॅडम," बापू म्हणाले. "रातच्याला सेवा केंद्रात जाऊन जवळचं वर घातलं. मला वाटलं, येष्टीत आपन आधी रुमाल टाकतो ना खिडकीतनं, जागा धरतो, आन मंग बरी जागा दिसली की सरकतो. तसंच आसंल. आधी घरची जागा धरावी, म्होरल्या फेरीला चांगली बघू. घरी ऱ्हाइली तर दोन घास माझ्या हातचं खाईल. हॉस्टेलचं, मेसचं इचारलं होतं मी, जमवलं आस्तं, पन ते कागदावर ते लाज का काय लिवलं हाय, ते वाचून मला भ्याव वाटलं. मला जमलं न्हाई तर पोरगी सांगायची बी न्हाई." आणि तो एवढा मोठा माणूस दाराच्या चौकटीला हात लावून रडू लागला.

वैष्णवी भिंतीकडे तोंड करून बसली होती. बाई उठल्या. मी त्यांना एवढ्या हळू चालताना कधी पाहिलं नव्हतं. त्यांनी बापूंना हाताला धरून बसवलं, पाणी दिलं.

"काहून रडता जी?" बाईंची भाषा एकदम गावाकडे गेली. "माह्या बापानंही रुमालच टाकला होता."

मग त्यांनी जे सांगितलं ते आम्ही कुणीच आधी ऐकलेलं नव्हतं. त्याही त्यांच्या वर्षी ह्याच विद्यापीठाच्या प्रतीक्षायादीत होत्या. पहिल्या. वडिलांना वाटलं, मिळालं न मिळालं, पोरीचं वर्ष नको जायला. म्हणून त्यांनी जवळच्या कॉलेजात नाव घातलं आणि मूळ दाखले तिथे जमा केले. आठ दिवसांत पुण्याहून पत्र आलं, जागा आहे, दाखले घेऊन या. दाखल्यांचं कपाट ज्या कारकुनाकडे तो तीन दिवस रजेवर. चौथ्या दिवशी तारीख गेलेली.

"मग नोकरी लागली ती त्याच ऑफिसात. आत आले, पण खिडकीच्या ह्या बाजूला. कर्मचाऱ्यांचं दार मागून, सायकल स्टँडकडून. समोरच्या मोठ्या गेटातून मी एवढ्या वर्षांत एकदाही गेले नाही. ते मुलांचं गेट. बाप शेवटपर्यंत म्हणायचा, माझ्यानं चुकलं. मी कधी 'नाही' म्हटलं नाही त्याला. म्हणायला पाहिजे होतं."

मला माझे वडील आठवले आणि मी चष्मा पुसला, हे सांगायला हरकत नाही.

एक वाट होती. सगळ्या फेऱ्या संपल्यावर कुणी सोडून गेलेल्या जागा विद्यापीठ स्वतः गुणांप्रमाणे भरतं. पण तिथे मूळ दाखले हातात लागतात, आणि ते बापूंनी सकाळीच लोणीच्या कॉलेजात जमा केले होते. ते काढायचे म्हणजे हातची जागा आधी सोडायची. तिकडे जागा उरेल की नाही, कुणालाच माहीत नाही. वर्ष जाऊ शकतं. झोपेचा पर्याय कधी सोडू नये, असं सगळ्या पुण्याला सांगणाऱ्या बाईंना बापूंनी विचारलं, "काय करू, तुमीच सांगा."

"मी नाही सांगणार. मी एकदा चुकलेय," बाई म्हणाल्या. "वैष्णवी, डोळे मीट. त्या दिवशी सांगता सांगता थांबलीस. गेटाशी पुढे काय होतं?"

मुलीने भिंतीकडे तोंड ठेवूनच डोळे मिटले. "गेटाशी मोठं झाड हाय. त्याच्या खाली बापू टेम्पो लावतायत. वॉचमन म्हणतोय, इथं लावू नका. बापू ऐकंनात."

बापूंनी उपरण्याने तोंड पुसलं. "काढू दाखले," ते म्हणाले. "उद्याच काढू."

त्यानंतरचे दिवस आमच्या इमारतीत कुणालाच नीट झोप नव्हती. तळमजल्यावरचे, ज्यांनी जन्मात कुणाची चौकशी केली नाही, ते मला जिन्यात गाठून "लोणीचं काय झालं?" विचारत. विद्यापीठात त्या उरलेल्या जागा भरायच्या दिवशी मी माझी गाडी काढली. बाई बाहेरच्या व्हरांड्यापर्यंत आल्या, मागच्या दाराने. आत नावं पुकारली जात होती. विद्युतची एकच जागा रिकामी होती. वैष्णवीच्या वरचे दोघे आलेच नाहीत, तिसऱ्याने दुसरी शाखा घेतली. मग तिचं नाव आलं.

बापूंनी मला मिठी मारली. माझ्या शर्टावर त्यांच्या हातची माती लागली, ती मी घरी गेल्यावरही तशीच ठेवली. पेढे आणले, बाईंना द्यायला वळलो तर बाई नाहीत. शोधलं तर त्या व्हरांड्याच्या टोकाला, एका चष्मेवाल्या मुलीशेजारी खाली बसलेल्या. मुलीबरोबर तिचे आजोबा होते, हातात प्लॅस्टिकच्या पिशवीत मूळ दाखले. वैष्णवीच्या नंतरचा नंबर त्या मुलीचा होता. बाई तिला काही समजावत नव्हत्या. आपल्या डब्यातली पोळी-भाजी तिच्यापुढे ठेवून नुसत्या बसल्या होत्या. मुलगी बराच वेळ तशीच. मग तिने एक घास तोडला. तेव्हा कुठे बाईंनी माझ्या हातातला पेढा घेतला.

त्याच दिवाळीत बाई अकोल्याला बहिणीकडे कायमच्या गेल्या. जाताना वह्यांचा गठ्ठा त्यांनी वैष्णवीला दिला. आता जुलैत आमचं पार्किंग रिकामं असतं आणि मला ते आवडत नाही. त्यांच्या निरोपाच्या दिवशी मी स्टेशनवर गेलो होतो, पण त्या आठवतात त्या तिथल्या नाहीत. आठवतात त्या वर्गाच्या पहिल्या दिवशीच्या.

वैष्णवीने हट्टच धरला होता, मॅडम पाहिजेत. सकाळची वेळ, हवेत ओलसर धुकट उजेड. मोठ्या गेटाशी खरंच झाड होतं. मी आधी ते कधी पाहिलं नव्हतं. बापूंनी त्याच्याखाली टेम्पो घातला आणि वॉचमन धावला, "ओ, इथं लावू नका!" बापू ऐकेनात. मुलगी हसत हसत आत पळाली, पिशवी खांद्यावर, मागे वळूनही पाहिलं नाही. बाई गेटासमोर उभ्या राहिल्या. साधीच सुती साडी, पण इस्त्री केलेली. त्यांनी क्षणभर डोळे मिटले. मी रस्त्याच्या पलीकडे गाडीत बसून पाहत होतो, काच खाली होती.

बापूंना सोडून वॉचमन त्यांच्याकडे आला. नवा असावा, त्यांना ओळखत नव्हता. "आजी, पालक का तुम्ही? पालकांनी तिकडे हॉलकडे जायचंय."

"नाही," बाई म्हणाल्या. "ॲडमिशनला आलेय."

त्याला काय वाटलं कोण जाणे. तो बाजूला झाला आणि म्हणाला, "मग जा की आत. उशीर झालाय तुम्हाला."

"झालाय खरा, बापा," बाई म्हणाल्या, आणि आत गेल्या.